पायरीपाशी गाडी

आढाव बाईंना हात लावायचा नाही, हे मला शाळेतल्या पहिल्याच दिवशी कळलं, आणि तेही सगळ्या शाळेसमोर.

शिरूरच्या बाजारगल्लीत आमची शाळा. मी विज्ञानाची बाई म्हणून नवीनच लागले होते. न्हावऱ्याहून एसटीनं आले, धावतपळत परिपाठाला पोचले, तर समोर दोन कुबड्यांवर उभ्या राहून एक बाई टेबलावरच्या कागदावरून दिनविशेष वाचत होत्या. खळ घातलेली कडक सुती साडी, सोनेरी काडीचा चष्मा आणि आवाज असा खणखणीत की माईकची गरज नाही. फरशी नुकतीच पुसलेली होती. वाचता वाचता एक कुबडी सटकली आणि बाई धाडकन आडव्या झाल्या.

मी धावले. आम्ही शेतकरी माणसं, आमच्याकडं कुणी पडलं की आधी उचलायचं आणि मग विचारायचं, लागलं का म्हणून. मी त्यांच्या काखेत हात घातला, तशा त्या खालूनच म्हणाल्या, "सोड. कोण गं तू?"

"नवीन बाई आहे."

"मग नवीन बाई, ती खुर्ची इथं आणून ठेव आणि तिकडं जाऊन उभी राहा."

मी खुर्ची ठेवली. बाईंनी आधी चष्मा शोधून डोळ्यांवर चढवला. मग एका पायाच्या लोखंडी आधाराची, कॅलिपरची, कडी अडकवली, मग दुसऱ्या पायाची. खुर्चीच्या दांडीला धरून, तोंडानं हूं की चूं न करता, त्या वर आल्या. बराच वेळ लागला. एवढी मुलं, पण एक खोकलं नाही. उभ्या राहिल्यावर बाईंनी निऱ्या झटकल्या आणि जिथं थांबल्या होत्या तिथूनच पुढचं वाक्य वाचायला घेतलं.

मधल्या सुट्टीत मला जवळ बोलावून म्हणाल्या, "राग नको मानूस. उचललं की मी सामान होते, सुमन. माझं मी उठले की बाई असते."

बस, एवढंच. त्या दिवसापासून आमचं जे जमलं ते जमलं.

बाई मिशनच्या जुन्या कंपाउंडमध्ये राहायच्या. वडील पाळक होते. लहानपणी पोलिओनं दोन्ही पाय गेले. वडील प्रेमळ, इतके की पोरीला जमिनीवर ठेवायलाच तयार नसत. चर्चमध्ये कडेवर, शाळेत कडेवर, बाजारात खांद्यावर. दहावीच्या परीक्षेलासुद्धा कडेवर घेऊन वर्गात आले. साडी नेसायला लागलेली मुलगी, आणि बापाच्या कडेवर! "सगळ्या पोरी बघत होत्या," बाई सांगायच्या, "आणि पप्पा बिचारे हसत होते. मी पेपर काय लिहिला मला आठवत नाही. बाहेर आल्यावर म्हटलं, पप्पा, आता बास." त्यानंतर त्या कुणाच्या कडेखांद्यावर गेल्या नाहीत.

कुबड्यांवर चालायला त्या शिकल्या, बी.एड. झाल्या, भूगोल शिकवायला लागल्या. मुलांना नकाशा काढता आला नाही तर बाई छडी मारत नसत. "चल, मला इथून नगरला घेऊन जा," म्हणत. पोरानं बोटानं नकाशावर रस्ता दाखवायचा. मध्ये नदी आली आणि पोरगं तसंच पुढं गेलं, की बाई ओरडायच्या, "अरे बुडवलंस की मला! पूल शोध आधी." सगळा वर्ग हसायचा आणि पोराला घोडनदी जन्मभर विसरता यायची नाही.

त्यांच्याकडं मागं दोन जादा चाकं लावलेली स्कूटर होती. तिचं नाव बलामाची गाढवी. बायबलात म्हणे बलाम नावाच्या माणसाची गाढवी असते, ती वाटेत अडून बसते आणि मालक मारायला लागल्यावर चक्क माणसासारखं बोलून त्याला सुनावते. बाईंची गाडीही थंडीत अशीच अडून बसायची. बाई तिला किक मारू शकत नव्हत्या, बटणावरच भिस्त. मग हँडलवर थोपटत म्हणायच्या, "बोल बाई, काय म्हणणं आहे तुझं ते बोल एकदाचं." ही गाडी थेट शाळेच्या पायरीपाशी यायची. पायऱ्या दोनच आणि बाजूला लोखंडी दांडी. बाई गाडीवरून दांडीवर, दांडीवरून वर्गात. मध्ये कुणाचा हात नाही. मला विचाराल तर सगळ्या शिरूरमध्ये बाईंची म्हणावी अशी जागा ती एवढीच होती, गाडीच्या लांबीरुंदीची.

मग गल्लीत गर्दी वाढली. दुचाक्या, टेम्पो, हातगाड्या, कशाचा मेळ कशाला नाही. शेवटी गल्लीच्या तोंडाशी खांब रोवले, साखळी लावली आणि एक शिट्टीवाला उभा केला. गाड्या बाहेरच्या मैदानात लावायच्या आणि आत पायी जायचं. लोकांना बरंच झालं. बाईंना मात्र मैदानापासून शाळेपर्यंत कुबड्यांवर यायचं म्हणजे दिव्य. वाटेत तुटलेल्या फरश्या, उघडं गटार, केळीच्या साली, आणि मधोमध रवंथ करत बसलेली एखादी गाय. बाई वर्गात पोचायच्या तेव्हा ब्लाउज घामानं चिंब आणि हात थरथरत असत. खडू धरता यायचा नाही. मुलांना म्हणायच्या, "जरा पुस्तकं उघडून बसा," आणि खिडकीकडं तोंड करून श्वास घ्यायच्या.

तेव्हा कळलं की अपंगांच्या गाडीला पास मिळतो. पास असला की साखळी काढून गाडी आत सोडायची आणि पायरीपाशी उभी करू द्यायची. बाईंनी अर्ज केला, आणि काय नवल, पहिल्या फेरीतच पास आला! जुना कागदी दाखला चालला. बाईंनी पासाला प्लॅस्टिक घातलं आणि हँडलला बांधला.

त्या वर्षभरात बाईंना बघायला हवं होतं. शिट्टीवाला साखळी काढायचा आणि बाई मान किंचित लववून आत जायच्या, एखादी कलेक्टरीण जावी तशा. शाळा सुटल्यावर गल्लीत बाजार करायला लागल्या. त्याआधी त्यांची भाजी शेजारीण आणायची. म्हणजे शेजारणीला जे आवडेल ते बाई खायच्या. आता गाडीवर बसूनच टोमॅटो दाबून बघायच्या. गल्लीतले निम्मे दुकानदार त्यांचेच विद्यार्थी. त्यातला भानुदास फळवाला सगळ्यात लाडका आणि सगळ्यात ढ.

"भानुदास, पेरू कसे दिलेस?"

"तुमच्याकडून काय घ्यायचं बाई? न्या की तसंच."

"तसेच नकोत. तू भाव सांग, मी भांडते, मग तू कमी कर. रीतसर होऊ दे."

भानुदास लाजून भाव सांगायचा. बाई भांडायच्या. हरल्या तरी खूश, जिंकल्या तर काय विचारता! नाताळला त्यांनी गल्लीभर करंज्या वाटल्या, प्रत्येकाच्या दुकानापुढं गाडी उभी करून. मला म्हणाल्या, "सुमन, इतकी वर्षं या गावात राहते, पण गावात आलेय यंदाच."

वर्ष संपलं आणि पासाचं नूतनीकरण आलं. तिथं माशी शिंकली. आता जुना दाखला चालत नव्हता, नवीन ओळखपत्र हवं होतं. ते नसेल तर पास नाही. बाई मला घेऊन नगरपालिकेच्या ऑफिसखाली गेल्या आणि हॉर्न वाजवला, कारण ऑफिस वरच्या मजल्यावर. क्लार्क धावत खाली आला. तोही विद्यार्थी. आल्या आल्या वाकून बाईंच्या कॅलिपरला हात लावला आणि तो डोक्याला लावला.

"बाई, तुमच्यामुळं आज मी खुर्चीवर हाय."

"असू दे रे. माझ्या पासाचं काय?"

"त्याचं अवघड हाय बाई. आधी कार्ड पायजे. त्याला डॉक्टरांची तपासणी लागती. दौंडला शिबिर हाय, तिथं करून घ्या. चहा घेता का? खाली मागवतो."

चहा आला. बिस्किटं आली. क्लार्कनं बाई चहा पिईपर्यंत कपाची बशी स्वतःच्या हातात धरली. पास मात्र आला नाही. माझ्या तोंडावर आलं होतं की बाबा, पाया पडू नकोस, सही आण. पण बाईंनी माझ्याकडं बघितलं आणि मी गप्प बसले.

दुसऱ्या दिवशी साखळीपाशी गाडी अडली. शिट्टीवाला भला माणूस, कानकोंडा झाला. "बाई, मुदत संपली हो. बिनापासाची गाडी सोडली म्हणून दुकानदारांनी मागं एकदा तक्रार केली, माझी नोकरी जाईल." मग तोंड उजळून म्हणाला, "गाडी आत न्हाई सोडता येत, पण तुम्हाला नेतो की आत! ए भानुदास, खुर्ची आण रे!"

आन् भानुदास खुर्ची घेऊन आला की! मोबाइलवाला आला, चपलेचा दुकानदार आला, एक हमाल आला. चौघांनी चार बाजू धरल्या. प्लॅस्टिकची लाल खुर्ची. "बसा बाई. अल्लाद नेतो. पालखीगत."

"नको."

"लाजताय व्हय? आम्ही तुमची पोरंच हाय."

"पोरं आहात म्हणूनच सांगते, नको. मी चालत जाते."

"आवं पण पास कशाला पायजे तुम्हाला? आम्ही काय मेलो का? रोज नेऊ, रोज आणू. काय रे?"

"व्हय, व्हय!" बाकीचे म्हणाले. त्यांच्या बोलण्यात खोट नव्हती, हे मला सांगायला पाहिजे. त्यातल्या एकालाही बाईंना चालताना बघवत नव्हतं. पण गाडी आत येऊ द्यावी म्हणून चौघांनी मिळून ऑफिसात जावं, हेही एकाला सुचत नव्हतं. खांदा द्यायला आमचा तालुका एका पायावर तयार. बाई कुबड्या टेकत निघाल्या. चौघं रिकामी खुर्ची घेऊन मागून चालत होते, बाईंनी मन बदललं तर म्हणून. शाळेपर्यंत आले.

संध्याकाळी भानुदास माझ्याकडं आला. चेहरा पडलेला. "मॅडम, बाईंना आमचा इटाळ हाय का वो?"

"काहीतरीच काय बोलतोस!"

"मग हात का लावू देत न्हाईत?"

आता याला काय सांगावं? मी सांगून बघितलं. त्यानं मान हलवली, पण त्याच्या डोक्यात शिरलं नाही. गल्लीत मात्र कुजबुज सुरू झाली. बाईंना गर्व आहे. बाई आपल्याला परकं समजतात. मुख्याध्यापकांनीसुद्धा बाईंना बोलावून समजावलं, "लोक प्रेम करतात हो बाई. प्रेम नाकारू नये." बाई म्हणाल्या, "सर, तुमच्यावर प्रेम करून तुम्हाला रोज चौघांनी उचललं तर?" सर हसले. बाई हसल्या नाहीत.

आणखी एक सांगते. पायरीपाशी गाडीची जागा रिकामी पडली, तशी भानुदासनं बाईंना विचारलं, "पास येईपातूर माझा हातगाडा तिथं लावू का? सावली हाय." बाई म्हणाल्या, "लाव. पण पास आला की हलव." "लगीच!" असं म्हणून त्यानं गाडा लावला. धंदा तिथं चांगला व्हायचा, शाळेची पोरं समोरच. मी काही बोलत नाही. माणूस वाईट नव्हता.

दौंडच्या शिबिराला मी बरोबर गेले. दिरांची ओम्नी घेतली. सगळ्या वाटेनं उसाच्या ट्रॅक्टरमागून सरपटत गेलो, पण बाई खुशीत होत्या. पिशवीत जुना दाखला, फोटो, आधार, सगळं इस्त्रीच्या घडीत. ठेवणीतली साडी नेसल्या होत्या आणि पदराला चांदीची पिन लावली होती. "इतकं नटायचं काय?" मी चिडवलं. "डॉक्टर लोक येणार, शिकलेले. बाई म्हणून जावं, भिकारीण म्हणून नाही," त्या म्हणाल्या. आणि तीच साडी नडली बघा.

शिबिर एका मंगल कार्यालयात होतं. बाहेर हा मोठा फ्लेक्स, त्यावर हात जोडलेले पुढारी. आत एका टोकाला स्टेज, दुसऱ्या टोकाला डॉक्टरांची टेबलं आणि मध्ये माणसंच माणसं. फरशीवर सरकत चाललेली, आईच्या मांडीवर निजलेली, काठीला धरून उभी. तपासणीला टोकन होतं. मी म्हटलं, बाई, तुम्ही बसा, रांगेत मी उभी राहते, नंबर आला की हाक मारते. दाराशी गळ्यात रिबीन घातलेला एक कार्यकर्ता होता. त्यानं बाईंची साडी बघितली, चष्मा बघितला, "थँक यू" म्हणालेलं ऐकलं आणि त्यांना थेट पुढं नेऊन गाद्यांच्या खुर्च्यांवर बसवलं. पाहुण्यांत! त्याला वाटलं, या तपासायला आलेल्या असणार, तपासून घ्यायला नव्हे.

मी टोकन घेऊन पाठमोरी उभी. एवढ्यात माईकवर खरखर झाली. "आपल्या भाग्यानं आज आपल्यात शिरूरच्या आदर्श शिक्षिका, अपंगत्वावर मात करणाऱ्या, आमच्या आढाव बाई उपस्थित हायेत!" वळून बघते तर निवेदक बाईंचाच जुना विद्यार्थी, आता पुढाऱ्याच्या उजव्या हाताला असणारा. "बाईंचा सत्कार झाल्याशिवाय कार्यक्रम पुढं जाणार न्हाई!" टाळ्या. तुतारीवाला होताच, त्यानं तुतारी फुंकली.

आणि उचललं. खुर्चीसकट. चार रिबीनवाले, एका झटक्यात. बाईंच्या कुबड्या खालीच पडल्या. खुर्ची डोक्यांच्या वर गेली, पदर सुटला, बाईंनी एका हातानं पदर धरला आणि दुसऱ्या हातानं खुर्ची. त्या ओरडत होत्या. "खाली ठेवा! मला खाली ठेवा!" मला त्यांचे ओठ दिसत होते. आवाज तुतारीत गेला.

मी निघाले तेवढ्यात मागून हाक आली, "आढाव, रूथ!" नंबर लागला होता. मी डॉक्टरांच्या टेबलापाशी धावले. "साहेब, त्या तिकडं वर आहेत. दोन मिनिटं थांबा."

डॉक्टरांनी स्टेजकडं बघितलं. बाईंच्या अंगावर शाल पडत होती. "त्या पाहुण्या आहेत ना?"

"पाहुण्या नाहीत हो! तपासणीला आल्यात. त्यांचे पाय..."

"पेशंट समोर लागतो, मॅडम. नेक्स्ट."

मी भांडले. माझं तोंड न्हावऱ्यात प्रसिद्ध आहे, ते सगळं मी तिथं वापरलं. रांगेतले लोक माझ्यावरच खेकसले, "ओ ताई, आमी सकाळधरनं हुभं हाय!" त्यांचं तरी काय चुकलं! स्टेजवर नारळ झाला, गुच्छ झाला, मग बाईंच्या बाजूला उभं राहून फोटो काढायला अख्खी कमिटी वर चढली. मग पुढाऱ्यांचं भाषण, ते बाईंना शेजारी बसवूनच. उतरवेपर्यंत टेबलं आवरत आली होती. उरलेल्यांनी पुढच्या शिबिराला यावं, असं माईकवरून सांगितलं, त्याच निवेदकानं, त्याच गोड आवाजात.

बाईंना खाली ठेवलं तेव्हा त्यांनी आधी पदराची पिन पुन्हा लावली. मी कुबड्या शोधून आणल्या. एकीच्या टोकाचं रबर गेलं होतं. निवेदक पाया पडायला आला. "बाई, कसा झाला सत्कार?" बाईंनी त्याच्या डोक्यावर हात ठेवला. कसा ठेवला, देव जाणे. मी असते तर नारळ घातला असता.

परतताना भीमेचा पूल ओलांडला तेव्हा बाईंनी खिडकी उघडली. मग म्हणाल्या, "सुमन, मी तिथं वर असताना एक गोष्ट बघितली. कुणीही माझ्या तोंडाकडं बघत नव्हतं. सगळे खुर्चीकडं बघत होते, पडू नये म्हणून." आणि त्यांनी ती शाल घडी करून ओम्नीतच ठेवली. माझ्या सासूबाईंनी पुढं ती वापरली.

आम्ही शिरूरला पोचायच्या आत फोटो पोचला होता. कुठल्या कुठल्या ग्रुपवर फिरला. खुर्ची हवेत, चौघांचे हात, वर बाई. ओरडताना तोंड उघडलेलं, दात दिसत होते. फोटोत कुणालाही वाटावं, बाई मनसोक्त हसतायत.

सकाळी साखळीपाशी भानुदास मोबाइल पुढं करूनच उभा. "हे काय बाई? दौंडवाले चालत्यात आन् आम्ही न्हाई? आम्ही काय घोडं मारलं?" त्याच्या डोळ्यांत खरंच पाणी होतं. खुर्ची तयार होती. चारीजण तयार होते. बाईंनी फोटो बघितला, बराच वेळ बघितला. इतकी वर्षं त्यांच्यापाशी एकच उत्तर होतं, मी कुणाला हात लावू देत नाही. ते आता त्यांना देता येईना. तरी त्या दिवशी म्हणाल्या, "तिथं चूक झाली, भानुदास." आणि चालत आल्या. मागून कुणीतरी बोललं, "मोठ्या लोकांच्यात चालतंय, गरिबाच्यात न्हाई." बाईंनी ते ऐकलं. मला माहीत आहे, कारण त्या क्षणभर थांबल्या होत्या.

पुढचं शिबिर आचारसंहितेत अडकलं. मग जाहीर झालं आणि रद्द झालं. कार्डासाठी सेवा केंद्रातून अर्ज भरला, तो कुठं पोचला हे कुणाला सांगता येईना. क्लार्क भेटला की वाकायचा, आणि सांगायचा, "बाई, तुमचं काम डोक्यात हाय." मी पुण्याला मोठ्या दवाखान्यात जाऊ म्हटलं. गेलो. तिथं सांगितलं, तुमचं गाव त्या भागात येतं, तिकडंच करा. "तिकडं" म्हणजे कुठं, ते तिकडच्यांनाही माहीत नव्हतं.

आणि बाईंचा उजवा खांदा गेला. आयुष्यभर त्यानं पायाचं काम केलं होतं, शेवटी तोही माणूसच. डॉक्टर म्हणाले, सांधा झिजलाय, आता कुबड्यांवर लांब चालायचं नाही. चाकांची खुर्ची आणून बघितली. पण गल्लीतल्या फरशांवर ती एकटीनं चालवणं शक्यच नव्हतं, कुणीतरी ढकलायला हवं. बाई म्हणाल्या, "ढकलणं म्हणजे उचलण्याचीच धाकटी बहीण." घरी बसा, रजा घ्या, मी म्हटलं. "घरी बसून कुणाला नगरला नेऊ?" एवढंच बोलल्या. त्या दिवसांत त्या प्रार्थनेला बसल्या की डोळे मिटून खूप वेळ तशाच राहायच्या. एकदा मी विचारलं, देवाकडं पास मागता का? म्हणाल्या, "मागत होते. आता राग येऊ नये एवढंच मागते. तेही मिळत नाही."

मला आजही या गावाचा राग येतो, आणि या गावावर माझा जीवही आहे. दोन्हीचं करायचं काय, ते मला कळलेलं नाही. बाईंनी त्या वर्षाअखेरीला मुदतीआधी निवृत्ती घेतली आणि त्या नगरला बहिणीकडं गेल्या. फोनवर बोलतो. गाढवी त्यांनी विकून टाकली. पण मला बाई म्हटलं की त्याआधीची एक सकाळ दिसते. काही केल्या ती जात नाही.

परीक्षा जवळ आली होती. मी गल्लीच्या तोंडाशी एसटीतून उतरून आले, तर बाईंची गाडी साखळीपाशी येऊन थांबलेली. चौघं रोजच्यासारखे खुर्ची घेऊन उभे होते. रोज उभे राहायचे, आणि रोज नकार ऐकून परत जायचे. सवयीनंच उभे. भानुदासनंही त्या दिवशी विचारलं नाही. बाईंनी गाडी बंद केली, किल्ली काढून पर्समध्ये टाकली आणि पर्सची चेन लावली. पदर खांद्यावरून घेऊन कमरेला घट्ट खोचला. कुबड्या एक एक करून शिट्टीवाल्याच्या हातात दिल्या. मग समोर कुठंतरी बघत, वडिलांपुढं लहान पोर करतं तसे दोन्ही हात वर केले. उजवा पुरता वर जात नव्हता.

क्षणभर चौघांनाही कळेना. मग त्यांनी धावत येऊन त्यांना उचललं, इतकं जपून की बाईंच्या निऱ्यासुद्धा हलल्या नाहीत. खुर्ची गल्लीत शिरली. दुकानदार उठून उभे राहिले, कुणी टाळ्या वाजवल्या. पायरीपाशी त्यांना उतरवून, आपला हातगाडा जरा बाजूला सारून, भानुदास घाम पुसत माझ्याकडं आला. हसू त्याच्या तोंडावर मावत नव्हतं.

"बघितलं का मॅडम?" तो म्हणाला. "शेवटी बाईंनी आपल्याला आपलं मानलं."